कोणतं झाड, कुणाच्या शेजारी?

महाराष्ट्र सरकारनं २०१६ साली २ कोटी झाडं लावण्याचा कार्यक्रम हाती घेतला. पुढच्या वर्षी आकडा ४ कोटींवर गेला, २०१८ मध्ये १३ कोटी आणि २०१९ मध्ये ३३ कोटी. या मोहिमांवर वाद भरपूर झाले, पण बहुतेक वाद एकाच प्रश्नाभोवती फिरले: लावलेल्यांपैकी जगली किती? प्रश्न रास्त आहे, सार्वजनिक पैशाचा हिशोब मागितलाच पाहिजे. पण त्याच्या आधीचा एक प्रश्न सातारा-सांगलीतल्या माण, खटाव, जत, आटपाडी या दुष्काळी तालुक्यांच्या ग्रामसभांत क्वचितच ऐकू येतो. आपण लावतोय ते झाड जगलंच, तर त्याच्या शेजारच्या गवताचं, पलीकडच्या बांधातल्या पिकाचं आणि खालच्या मातीचं काय होणार? माझं म्हणणं असं आहे की या प्रश्नाचं उत्तर त्या जागेपुरतं तपासून, लिहून ठेवल्याशिवाय गायरानात, माळावर किंवा सड्यावर (जांभ्याच्या कातळी पठारावर) एकही रोप लावू नये. हे टोकाचं वाटेल याची मला कल्पना आहे, म्हणून थोडं सविस्तर सांगतो.

वनस्पतीचं मूळ पाणी आणि क्षार ओढून घेतं, एवढंच आपण शाळेत शिकतो. पण ते सतत काहीतरी बाहेरही सोडत असतं. त्यात साखर असते, सेंद्रिय आम्लं असतात, आणि शेजारच्या बीला उगवू न देणारी किंवा जमिनीतल्या एखाद्या बुरशीला जवळ ओढणारी द्रव्यंही असतात. पानांवरून निथळणारं पावसाचं पाणी आणि गळून कुजणारा पाला यांतूनही अशी द्रव्यं मातीत उतरतात. हान्स मोलिश या ऑस्ट्रियन वनस्पतिशास्त्रज्ञानं १९३७ साली या व्यवहाराला ॲलेलोपथी असं नाव दिलं. आपल्याकडच्या शेतकऱ्याला नाव ठाऊक नसलं तरी परिणाम चांगला ठाऊक आहे. रान वाट्यानं घेताना तो पहिल्यांदा विचारतो, गेल्या साली यात काय होतं? हरभऱ्याचा किंवा भुईमुगाचा बेवड (आधीच्या पिकानं मातीत ठेवलेला गुण) असेल तर त्याचा चेहरा खुलतो. चिंचेच्या सावलीतल्या वाफ्याला तो कमी धरतो. मागच्या पिकानं आणि शेजारच्या झाडानं मातीत काय ठेवलं, यावर पुढचं पीक ठरतं हे त्याच्या हिशोबात आधीपासून आहे. सरकारी लागवडीच्या हिशोबात ते अजून आलेलं नाही.

शाळूचंच बघू. माणदेशात आणि जत तालुक्यात रब्बीला ज्वारीशिवाय रान कल्पनेतही येत नाही. या ज्वारीच्या कोवळ्या मुळांवर जे बारीक केस असतात, त्यांच्या टोकांतून पिवळसर तेलकट थेंब पाझरतात. त्यातलं मुख्य द्रव्य म्हणजे सॉर्गोलिओन. ते शेजारच्या लहान रोपांत शिरलं की प्रकाशसंश्लेषणाच्या साखळीतला एक दुवा अडवतं, आणि तो दुवा नेमका तोच असतो जो ॲट्राझीन अडवतं. उसात आणि मक्यात आपण पंपानं मारतो त्या तणनाशकाचं काम ज्वारीचं मूळ आपल्या परीनं करत असतं. मला या विषयात सगळ्यात जास्त थक्क करणारी गोष्ट हीच वाटते. शिवाय याच मुळांतून बाहेर पडणारी काही द्रव्यं, सॉर्गोलिओनसह, अमोनियाचं नायट्रेट करणाऱ्या जिवाणूंना आवर घालतात, त्यामुळे नत्र वाहून न जाता मातीत जास्त टिकतं. म्हणजे एकच पीक तणाला मारक, नत्राला राखण, आणि त्याचा अवशेष पुढच्या नाजूक पिकाला त्रासदायक, असं तिन्ही एकाच वेळी असू शकतं. शाळूला ‘चांगलं’ किंवा ‘वाईट’ असा शिक्का मारता येत नाही. त्याच्यानंतर काय आणि त्याच्या जोडीला काय, हे विचारावं लागतं.

ज्वारीचं आणखी एक प्रकरण आहे. जमिनीत स्फुरद कमी पडलं की ज्वारी, मका यांची मुळं स्ट्रायगोलॅक्टोन नावाची द्रव्यं जास्त सोडतात. ती एका उपयोगी बुरशीसाठी असतात. बुरशी मुळात शिरते, दूरवर धागे पसरते आणि मुळाला न पोहोचणारं स्फुरद आणून देते. पण त्याच मातीत टारफुला (स्ट्रायगा) या परजीवी तणाचं धुळीसारखं बी वर्षानुवर्षं निजून असतं, आणि त्याला उठवणारी खूणही नेमकी हीच. बी उगवतं, त्याचं मूळ ज्वारीच्या मुळाला चिकटतं, आणि जमिनीवर जांभळट किंवा पांढरं फूल दिसेपर्यंत पीक आतून पोखरलेलं असतं. स्ट्रायगाला उगवायला लावणारं हे द्रव्य १९६६ साली कापसाच्या मुळांच्या स्रावातून वेगळं काढलं गेलं. बुरशीशी त्याचं नातं कळायला २००५ साल उजाडलं. मधल्या जवळजवळ ४० वर्षांत अभ्यासकांना फक्त शत्रूला जागवणारा आवाज ऐकू आला होता, तो मुळात मित्रासाठी होता हे नंतर समजलं. यावरून शेतीला एक सरळ उपाय मिळाला. भुईमूग, चवळी, सोयाबीन यांची मुळं टारफुल्याचं बी उगवायला लावतात, पण त्याला जगू देत नाहीत. अशा पिकाचा फेर दिला की जमिनीतला बियांचा साठा कमी होतो. आपले आजोबा बाजरी-ज्वारीच्या रानात कडधान्याचा पाटा टाकत, त्यामागे हे रसायनशास्त्र नव्हतं. पण ती पद्धत मोडून ज्वारीवर ज्वारी घेताना आपण काय गमावलं हे आता आपल्याला ठाऊक आहे.

झेंडूच्या बाबतीतही हेच. दसरा-दिवाळीच्या बाजारासाठी साताऱ्यात झेंडू पुष्कळ होतो. त्याच्या मुळांतलं अल्फा-टर्थायनिल हे द्रव्य मुळं पोखरणाऱ्या सूत्रकृमींना मारतं, आणि सूत्रकृमी म्हणजे आपल्या आल्याचा, हळदीचा, टोमॅटोचा, द्राक्षाचा न दिसणारा शत्रू. म्हणून बरेच जण टोमॅटोच्या कडेनं झेंडूची एक ओळ लावतात. ओळीचा फायदा थोडाच होतो. जिवंत मुळं जमिनीत दाटीनं दोनेक महिने राहिली, आणि मुख्य पीक त्याच्यानंतर आलं, तर परिणाम खरा दिसतो. म्हणजे पुन्हा बेवड! जागा आणि क्रम चुकला तर चांगली वनस्पतीसुद्धा निम्मं काम करते.

कृष्णा-वारणाकाठी हा क्रम आपण जवळपास सोडून दिला आहे. लागण, खोडवा, पुन्हा खोडवा, नांगरून पुन्हा ऊस. ऑस्ट्रेलियातल्या क्वीन्सलंडमध्येही असंच चाललं होतं आणि खतं-पाणी नीट देऊनही उतारा घसरत होता. १९९३ पासून तिथं यावर मोठं संशोधन झालं. ऊस मोडून मध्ये सोयाबीन-भुईमुगासारखं पीक घेतलं की पुढच्या उसाचं उत्पादन ठळक वाढतं, असं त्यात दिसलं. दोष मुख्यतः एकाच पिकामुळे माजलेल्या रोगकारक बुरशा आणि सूत्रकृमींचा होता. इथं मृदा आरोग्य पत्रिकेची आठवण काढली पाहिजे. २०१५ पासून मिळणाऱ्या या पत्रिकेत १२ घटक मोजले जातात: सामू, क्षारता, सेंद्रिय कर्ब, नत्र, स्फुरद, पालाश आणि बाकीची अन्नद्रव्यं. त्यांत बुरशी नाही, सूत्रकृमी नाहीत. मातीतला अर्धा व्यवहार त्या कागदावर येतच नाही. हा मुद्दा वेगळ्या लेखाचा आहे, म्हणून इथंच थांबतो.

आता नवख्या वनस्पतींकडे येऊ. गाजर गवत १९५०च्या दशकात पुण्यात पहिल्यांदा नजरेत आलं आणि आज दोन्ही जिल्ह्यांत रस्त्याकडेला, गावठाणात, पडीक रानात सगळीकडे आहे. त्यातलं पार्थेनिन हे द्रव्य माणसाच्या कातडीला खाज आणतं आणि शेजारच्या बियांची उगवणही रोखतं. पण याहून बोलकं उदाहरण रानमोडी या झुडपाचं आहे, आणि ते आपल्या सह्याद्रीतलंच आहे. पश्चिम घाटात रानमोडीखालची माती घेऊन केलेला एक अभ्यास २००८ साली प्रसिद्ध झाला. त्या मातीत फ्युजेरियम या रोगकारक बुरशीचे बीजाणू जवळच्या स्थानिक झाडांखालच्या मातीपेक्षा २५ पटींहून जास्त निघाले, आणि स्थानिक रोपं त्या मातीत खुरटली. माती निर्जंतुक केली की हा परिणाम नाहीसा झाला. रानमोडी नुसतं विष ओतत नव्हती. तिच्या मुळांतून झिरपणाऱ्या द्रव्यांमुळे मातीतली बुरशी वाढत होती आणि पुढचं काम ती बुरशी करत होती. अशी वनस्पती उपटून टाकली तरी माती लगेच पूर्ववत होत नाही. सार्वजनिक जमिनीवर परकं झाड आणताना आपल्याला भीती वाटायला हवी ती याची. एका रोपाची चूक पुढच्या अनेक पावसाळ्यांच्या मातीत शिल्लक राहते.

इतकं सांगितल्यावर मला तितक्याच जोरानं उलटी बाजूही सांगितली पाहिजे, कारण आपल्याकडे या विषयावरचं बरंच बोलणं अफवेच्या अंगानं जातं. नीलगिरी लावली की खाली गवत उगवत नाही, म्हणून ती विषारी. गिरीपुष्पावर पक्षी बसत नाहीत, म्हणून ते विषारी. असे निष्कर्ष फार झटपट काढले जातात. कॅलिफोर्नियात १९६४ साली सी. एच. मुलर आणि सहकाऱ्यांनी दाखवलं की एका सुवासिक सेज झुडपाभोवती मीटर-दोन मीटरचा पट्टा अगदी उघडा असतो. त्या झुडपाच्या पानांतून कापूर आणि सिनिओल उडतं (सिनिओल नीलगिरीच्या तेलातही असतं), ते मातीत मुरतं आणि गवताचं बी मारतं, असं त्यांनी मांडलं. हे चित्र इतकं पटणारं होतं की ते सगळीकडे पोहोचलं. १९७० साली बार्थोलोम्यू या संशोधकानं त्या उघड्या पट्ट्यावर तारेच्या जाळीचे पिंजरे ठेवले. पिंजऱ्यांत गवत उगवलं. झुडपाच्या आडोशानं राहणारे उंदीर आणि ससे आसपासची रोपं खात होते. रसायनाचा काहीच वाटा नव्हता असं यातून सिद्ध झालं नाही, पण डोळ्यांना दिसणारा मोकळा पट्टा म्हणजे रसायनाचा पुरावा नव्हे, हे नक्की झालं.

म्हणून नीलगिरीखाली गवत दिसत नसेल तर आधी विचारावं लागतं: पाणी ओढलं गेलं? सावली पडली? पाल्याचा जाड थर साचला? की गुरांनी तिथलं आधीच खाल्लं? पानांचा कडक अर्क काढून काचेच्या बशीत मुळ्याचं बी भिजवायचं आणि ते उगवलं नाही की झाड दोषी ठरवायचं, असे प्रयोग शेकड्यांनी झाले आहेत. त्यांतून झाडात काय आहे ते कळतं, माळावर काय होईल ते कळत नाही. खऱ्या मातीत हीच द्रव्यं चिकणमातीच्या कणांना चिकटतात, जिवाणू ती खाऊन टाकतात. कृष्णाकाठच्या काळ्या जमिनीत आणि माणच्या मुरमाड उतारावर एकाच पाल्याचा परिणाम वेगळा असणार. देशी-परदेशी ही रेघही इथं पुरेशी नाही. चिंच आपल्याकडे शतकानुशतकं रुजलेली आहे, आणि तिच्या पाल्याचा आणि सालीचा परिणाम प्रयोगात दिसतो.

याच कारणानं मी कुठल्या झाडावर बंदी घाला असं म्हणत नाही. मला जागेचा आणि शेजाराचा विचार हवा आहे, आणि गिरीपुष्प हे त्याचं सर्वांत चांगलं उदाहरण आहे. हे मध्य अमेरिकेतलं झाड फांदी रोवली तरी जगतं, पाण्यावाचून तग धरतं, गुरं सहसा त्याला तोंड लावत नाहीत. लागवडीचा आकडा गाठायचा असेल तर याच्यासारखं झाड नाही. ते हवेतलं नत्र धरतं, पाला भराभर कुजतो. शेताच्या बांधावर लावून दर पावसाळ्यात पाला रानात टाकला तर ते उत्तम हिरवळीचं खत आहे. कोरडवाहू शेतकऱ्यानं जरूर लावावं. पण हाच गुण सड्यावर घातक ठरतो.

कास पठाराकडे पाहा. समुद्रसपाटीपासून सुमारे १२०० मीटरवर जांभ्याचा कातळ, त्यावर बोटभर माती, पावसाळाभर पाणी आणि बाकी वर्ष रखरख. इथल्या वनस्पती या दारिद्र्यावरच जगतात. दवबिंदू आणि सीतेची आसवं या किडे खाणाऱ्या वनस्पती तिथं असण्याचं कारणच मातीत नत्र अगदी थोडं असणं हे आहे. गेंद, तेरडे, कवला, सात वर्षांनी फुलणारी टोपली कारवी ही सगळी मंडळी या तुटपुंज्या मातीच्या हिशोबानं जुळलेली आहेत. २०१२ साली पश्चिम घाटाला जागतिक वारशाचा दर्जा मिळाला त्यात कास आहे. अशा मातीत नत्र वाढलं तर काय होतं, याचं उत्तर इंग्लंडमधल्या रॉथमस्टेडच्या कुरणात सापडतं. तिथं १८५६ पासून गवताच्या तुकड्यांना वेगवेगळी खतं दिली जात आहेत. ज्या तुकड्यांना नत्र भरपूर मिळालं तिथं थोडी उंच गवतं माजली आणि बाकीच्या जाती एकेक करून गेल्या. चारा वाढला, विविधता संपत गेली. सड्याच्या कडेनं नत्र धरणाऱ्या झाडांची रांग लावून खाली पाला पडू देणं म्हणजे तिथं हळूहळू खत घालणं आहे. बांधावर पुण्याचं ठरणारं काम सड्यावर नुकसानीचं ठरतं, आणि झाड तेच असतं.

माणदेशाच्या आणि जतच्या माळांनाही हा न्याय लागू आहे. कागदोपत्री ज्याला पडीक म्हणतात तिथं मारवेल, पवन्या, कुसळी यांची कुरणं आहेत. माडग्याळची मेंढी आणि आटपाडी-माणची खिलार गुरं या गवतावर वाढली. माळावरचं गवत मुळांनी मुरूम धरून ठेवतं. या गवतांच्या मुळांशीही बुरशा आहेत, जिवाणू आहेत, एकमेकांत गुंतलेले व्यवहार आहेत. त्यात वेडी बाभूळ किंवा सुबाभूळ आली की ती बी टाकत पसरते, गुरं शेंगा खाऊन शेणातून ती पुढच्या माळावर नेतात, आणि काही वर्षांत मेंढपाळाची वाट बंद होते. सुबाभळीच्या पाल्यात मिमोसीन असतं, ते जनावरांच्या अंगावरचे केस गाळतं. तरी चाऱ्याचं झाड म्हणून ती एकेकाळी जोरात पसरवली गेली.

यावर एक आक्षेप मला मनापासून गंभीर वाटतो. दुष्काळी गावाला सावली हवी आहे, जळण हवं आहे, धूळ थांबायला हवी आहे. तिथल्या बाईला सरपणासाठी मैलभर चालावं लागतं तेव्हा तिच्यापुढे बुरशीच्या बीजाणूंची गोष्ट करणं बरं नव्हे. हे मी मान्य करतो. सावलीची गरज माणमध्ये जितकी आहे तितकी कुठंच नसेल. लागवड यशस्वीही होते. सांगली जिल्ह्यातलं सागरेश्वर हे धों. म. मोहिते यांच्या पुढाकारानं उजाड डोंगरावर उभं राहिलं आणि १९८५ साली अभयारण्य झालं. पण गरज मोठी आहे म्हणूनच निवड काळजीपूर्वक व्हायला हवी. जळणासाठी झाडं हवी असतील तर ती गावठाणालगत, ओढ्याकाठी, बांधावर लावा. तिथं त्यांचा शेजार आपल्या हातात असतो. माळाच्या मध्यभागी लावलेलं झाड सरपणालाही दूरच पडतं आणि कुरणही मोडतं.

तपासणी महाग नाही. लावायच्या जातीचं जुनं झाड तालुक्यात कुठंतरी असतंच. त्याच्या खालची माती आणि त्याच प्रतीची उघड्या माळावरची माती आणायची, दोन्ही कुंड्यांत भरायची, आणि मारवेल, मूग, ज्वारी यांचं मोजून बी टाकायचं. काही कुंड्यांत सक्रिय कोळशाची पूड मिसळायची, ती अशी द्रव्यं शोषून घेते. काही कुंड्यांतली माती आधी वाफवून घ्यायची म्हणजे त्यातली बुरशी मरते. कोळशानं उगवण सुधारली तर संशय रसायनावर, वाफेनं सुधारली तर जिवांवर, कशानंच फरक पडला नाही तर झाडावरचा आरोप मागे घ्यायचा. एका पावसाळ्यात निकाल लागतो. शिवाय झाडाखाली जाळीचा एक पिंजरा ठेवून गुरांचा आणि सशांचा वाटा वेगळा काढायचा. हे काम तालुक्यातल्या कृषी आणि विज्ञान महाविद्यालयांची मुलं करू शकतात. जिल्ह्यातली कृषी विज्ञान केंद्रं आणि राहुरीचं कृषी विद्यापीठ देखरेख करू शकतात.

कायदाही हाताशी आहे. २००२ च्या जैवविविधता कायद्यानुसार प्रत्येक ग्रामपंचायतीत जैवविविधता व्यवस्थापन समिती असायला हवी आणि तिनं लोक जैवविविधता नोंदवही ठेवायला हवी. त्या वहीत गावच्या माळावर कोणती गवतं आहेत, कुठल्या झाडाखाली काय उगवतं आणि काय नाही, हे म्हाताऱ्या मेंढपाळांना आणि शेतकऱ्यांना विचारून लिहायचं, आणि लागवडीचा प्रस्ताव त्या वहीशी ताडून पाहायचा. वन विभागानं आणि सामाजिक वनीकरणानं रोपवाटिकेला मागणी कळवताना नगांच्या आकड्यापुढे दोन रकाने जास्त भरायचे: लावायची नेमकी जागा, आणि तिथं आत्ता शेजारी काय आहे. ज्या गावाचे हे रकाने कोरे आहेत त्या गावाच्या माळावर यंदा खड्डे खणू नयेत. त्याऐवजी गवत राखायला आणि चराईचे पट्टे ठरवून द्यायला तोच निधी वापरू द्यावा.